सूचना : बऱ्हाणपूरची एकदिवसीय सहल

सर्व सभासदांना कळविण्यात येते की, फारुकी सुलतानांच्या काळात आपल्या खानदेशची राजधानी असलेल्या बऱ्हाणपूरला आपण येत्या रविवारी जाणार असून, बस सकाळी ठीक ६ वाजता भुसावळ रेल्वे स्थानकासमोरून सुटेल. जामा मशिदीत अरबी लेखाबरोबर संस्कृत शिलालेखही कोरलेला आहे. तो नीट, अक्षर न् अक्षर पाहता यावा, म्हणून तेथे मुद्दाम अधिक वेळ राखला आहे. त्यानंतर, १६३१ मध्ये मुमताज महलचे निधन झाले त्या शहरातील शाही किल्ला, हमामखान्याच्या छतावरील रंगीत नक्षी आणि सातपुड्याकडून झिरपणारे पाणी भूमिगत बोगद्यांतून आणणारा मुघलकालीन कुंडी भंडारा पाहू. तेथील जमीन ओली असल्याने न घसरणारी पादत्राणे घालावीत. दुपारची शिदोरी, शक्यतो कळण्याची भाकरी व ठेचा, सोबत आणावी. नावे गुरुवारपर्यंत कळवावीत.