कुकडीकाठची राख आणि तोबाचं तळं

तुकतुक, सामोसिर बेट, सुमात्रा, इंडोनेशिया

ती. आप्पा आणि ती. आई यांस साष्टांग नमस्कार.

मी खुशाल आहे. मेदानमधलं काम नीट चाललंय, जेवणाची आबाळ नाही. जोडून सुट्टी आली म्हणून तोबा तळ्यावर आलोय. पत्र सविस्तर लिहितोय, कारण धाकटा फोनवर म्हणाला की आपल्या बोरी गावातली, कुकडी नदीकडची घळ जेसीबी लावून सपाट करायची आणि तिथे ऊस लावायचा. त्या घळीत इथल्याच ज्वालामुखीची जुनी राख आहे. आप्पा, हे पत्र वाचून होईपर्यंत जेसीबीला बांधावर येऊ देऊ नका.

हे तळं पाहिलं की समुद्रच वाटतो. लांबी सुमारे १०० किलोमीटर, रुंदी ३०, खोली काही ठिकाणी ५०० मीटरपर्यंत. परापतहून बोटीने बेटावर येताना चारी बाजूंना जे कडे दिसतात, ती ज्वालामुखीच्या तोंडाची कड. सुमारे ७४,००० वर्षांपूर्वी इथून अंदाजे २,८०० घन किलोमीटर राख आणि शिलारस बाहेर पडला. खालची जागा पोकळ झाली, वरची जमीन आत बसली आणि त्या खळग्यात पाणी साचत गेलं. मी उतरलोय ते सामोसिर बेट म्हणजे या तळ्याचा जुना तळ, खालून रेटा बसून पुन्हा वर आलेला. बेटाच्या माथ्यावर, पाण्यापासून कितीतरी उंच, तळ्यातल्या गाळाचे थर सापडतात.

आईसाठी इथली गोष्ट. एका कोळ्याला मासा सापडला, त्याची बाई झाली, तिने त्याच्याशी लग्न केलं. अट एकच: मी कोण होते हे कधी बोलायचं नाही. पुढे मुलाने शेतावर न्यायचं जेवण वाटेतच खाल्लं, तेव्हा बाप रागाने त्याला 'माशाच्या पोरा' म्हणाला. मायलेक नाहीसे झाले, जमिनीतून पाणी उसळलं आणि तळं झालं. इथल्या बटाक लोकांच्या गोष्टीत तळ्याला एक दुपार पुरते. खरा उद्रेकही दोनेक आठवड्यांतच आटोपला असावा, असा अभ्यासकांचा अंदाज आहे. एवढ्या थोड्या दिवसांत झालेलं काम, आणि त्याचा हिशेब अजून लागतोय, तोही आपल्या बोरीत.

काल रस्त्यासाठी कापलेल्या दरडीतून एक तुकडा उचलून पाहिला. फिकट राखाडी, आपल्या काळ्या पाषाणाच्या मानाने हलका. उन्हात धरला तर आत काळ्या अभ्रकाच्या बारीक चकत्या आणि गारेचे कण चमकत होते. नखाने खरवडला की पीठ निघतं आणि बोटांना कचकचीत लागतं, कारण या राखेत मुख्यतः काचच असते. आपल्या घळीत उतरल्यावर उजव्या हाताला जो पांढुरका पट्टा दिसतो, त्याची माती अशीच लागते. तीन हजार किलोमीटरपेक्षा जास्त अंतरावरून वाऱ्याने नेलेली इथली राख आहे ती. तिच्या काचेतली मूलद्रव्यं तपासून ती तोबाचीच, हे ठरवलेलं आहे.

भांडण आहे ते तिच्या वयाचं. १९८० च्या दशकात पुण्याच्या डेक्कन कॉलेजच्या अभ्यासकांना बोरीला ही राख सापडली आणि तिच्याबरोबर दगडी हातकुऱ्हाडीही. आधी राखेचं वय १४ लाख वर्षं निघालं. मग पावणेसात लाखांच्या आसपास. मग काहींनी सांगितलं, ही शेवटच्या स्फोटाची, ७४,००० वर्षांचीच. पुढे आणखी काहींनी ती तोबाच्या आधीच्या, सुमारे ८ लाख वर्षांपूर्वीच्या उद्रेकाची ठरवली. तोबा एकदाच नाही, अनेकदा फुटला आहे.

घोटाळा होतो तो असा. राखेतल्या खनिजांत पोटॅशियम असतं, त्यातल्या काही भागाचा ठरलेल्या गतीने आरगॉन वायू होत राहतो. तो मोजला की राख थंड झाल्यापासूनचा काळ कळतो. पण नदीने त्यात जुन्या खडकाचे कण मिसळले असतील तर वय फुगतं. आणि कुकडीकाठचा खडक कुठला? साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा, शिवनेरीखाली आहे तोच. त्यातले चिमूटभर कण आले तरी हिशेब बिघडतो.

म्हणून थर जागेवर हवा, आप्पा. खाली काय, वर काय, कुऱ्हाड नेमकी कुठल्या मातीत रुतलेली, हे सगळं त्या उभ्या काठातच वाचता येतं. आपल्या रानात दगड घडवत बसलेली ती माणसं लाखभर वर्षांमागची की आठ लाख वर्षांमागची, हे त्या वीतभर पट्ट्यावर ठरणार आहे. एकदा जेसीबीने कालवलं की जगातली कुठलीही प्रयोगशाळा ते परत लावू शकत नाही.

आंध्रात ज्वालापुरमला शेवटच्या उद्रेकाच्या राखेखाली आणि राखेवरही दगडी हत्यारं मिळाली आणि दोन्हींची घडण बरीचशी सारखी आहे. या उद्रेकाने माणूसजात संपत आली होती असं मानणारे अभ्यासक आहेत. पण तिथली माणसं राखेनंतरही तशीच हत्यारं घडवत राहिली. मला याचं फार अप्रूप वाटतं. आपल्या काठावरही असंच काही लिहिलेलं असेल, आणि आपण त्यावर पाचट टाकायचं, हे मनाला पटत नाही.

तेव्हा घळ आहे तशी ठेवा. पावसाचं पाणी पट्ट्यावर पडून तो धुपतोय, तिथे वरच्या अंगाला चर काढून पाणी वळवा. धाकट्याला सांगा, पट्ट्याला मोजपट्टी लावून फोटो काढ, पण काही उकरू नको, दगड दिसला तरी उचलू नको. फोटो आले की मी ते डेक्कन कॉलेजच्या पुरातत्त्व विभागाला पाठवतो. त्या दहा गुंठ्यांच्या उसाचे पैसे दरसाल मी देईन. धाकट्याचं नुकसान होऊ देणार नाही, हे त्याला माझ्या शब्दात सांगा.

इथलं घड्याळ तुमच्यापेक्षा दीड तास पुढे आहे. रविवारी तुमच्या रात्री आठला फोन करतो, आईला जागं ठेवा. जेसीबीवाल्याला इसार दिला असेल तर तो परत मागू नका, त्याच्याकडून वरच्या वावराचा फुटलेला बांध घालून घ्या.

तुमचा,
थोरला