फळ्यावर ऐझॉल वर, मुंबई तळाला

मा. संपादक,
स. न. वि. वि.

गेल्या रविवारच्या पुरवणीत मुंबईच्या फुटबॉलवरचा लेख वाचला. मुंबईकरांना या खेळाचे वेड नाही, म्हणून इथे क्लब टिकत नाहीत, असा त्याचा सूर होता. मी परळच्या एका पालिका शाळेत शारीरिक शिक्षण शिकवत होते, आता निवृत्त आहे. तो लेख मला मान्य नाही. का मान्य नाही हे सांगायला मला एकच हंगाम पुरेसा आहे: आय-लीगचा, म्हणजे तेव्हाच्या देशातल्या अव्वल फुटबॉल लीगचा, २०१६-१७चा.

आमच्या शाळेत क्रीडासाहित्याच्या खोलीबाहेर एक जुना फळा होता. त्यावर दर सोमवारी आय-लीगचा गुणतक्ता लिहायचा, हे काम फुटबॉल खेळणाऱ्या मुलांकडे असे. त्या वर्षी दहा संघ होते. मोहन बागान, ईस्ट बंगाल, बेंगळुरू, शिलाँग लाजाँग, चर्चिल ब्रदर्स, चेन्नई सिटी, मिनर्व्हा पंजाब, पुण्याचे डीएसके शिवाजियन्स, आपली मुंबई एफसी आणि ऐझॉल. ऐझॉल कुठे आहे हे पहिल्या सोमवारी एकालाही सांगता आले नाही. मग भूगोलाच्या बाईंकडून नकाशा मागून आणला आणि मिझोरामची ही राजधानी शोधली. झालेले गोल आणि खाल्लेले गोल यांची वजाबाकी मुलांनीच करायची, आणि गणिताच्या तासाला डोक्यात न शिरलेल्या ऋण संख्या तिथे चटकन समजायच्या. मुंबईचा फरक उणे असायचा ना!

मुंबई एफसी हा काही लाडावलेला क्लब नव्हता. २००७ साली स्थापन झाला, २००८-०९ला आय-लीगमध्ये आला आणि सलग नऊ हंगाम तिथे राहिला. दक्षिण मुंबईतल्या कूपरेज मैदानाचे काम चालू होते तेव्हा या संघाने घरचे सामनेसुद्धा पुण्यात बालेवाडीला खेळले. परळहून कोणती मुले बालेवाडीला जाणार? तरी फळा थांबला नाही. कूपरेज परत मिळाले तेव्हा मी पालकांच्या सह्या घेऊन मुलांना नेऊ लागले. लोकलने चर्चगेट, तिथून ओव्हल मैदानाच्या कडेने चालत. ओव्हलवर क्रिकेटचे पंधरा-वीस सामने एकाच वेळी चाललेले असायचे. माझी मुले ते ओलांडून पिवळा झेंडा शोधत पुढे जायची. वेड नाही म्हणणाऱ्यांनी ती चाल एकदा पाहायला हवी होती.

या क्लबला सात हंगाम सांभाळले ते खालिद जमील यांनी. महिंद्रा आणि एअर इंडियाकडून खेळलेले, शेवटी मुंबई एफसीकडूनच खेळून थांबलेले आणि २००९मध्ये तिथेच प्रशिक्षक झालेले. संघ कधी चषकाच्या जवळ गेला नाही. बरोबरी फार व्हायची, गोल कमी व्हायचे, मुले कुरकुरायची. पण त्या सात वर्षांत मुंबई एकदाही खालच्या श्रेणीत गेली नाही. तुटपुंज्या साधनांत दरवर्षी तग धरणे ही केवढी मोठी गोष्ट आहे, हे मला तेव्हाही कळत होते, कारण पालिका शाळेचा संघ मी तसाच चालवत होते. २०१६मध्ये क्लबने त्यांना निरोप दिला. ते ऐझॉलला गेले.

तेव्हा ऐझॉलची अवस्था काय होती ते पाहा. २०१५-१६ हा त्यांचा आय-लीगमधला पहिलाच हंगाम आणि त्यात ते खालच्या श्रेणीत ढकलले गेले. त्याच वर्षी फेडरेशन चषकाच्या अंतिम सामन्यापर्यंत पोचले, तिथे मोहन बागानने त्यांचा ५-० असा फडशा पाडला. एवढे झाल्यावर इथला एखादा क्लब काय करतो हे आपण अनेकदा पाहिले आहे. ऐझॉल बंद पडले नाही. गोव्याचे धेंपो, साळगावकर आणि स्पोर्टिंग हे तीन क्लब आय-लीगमधून बाहेर पडले, जागा रिकामी झाली, आणि ती घ्यायला ऐझॉलचा संघ हजर होता. मला या हंगामातली सगळ्यात मोलाची गोष्ट हीच वाटते, चषकाहूनही. खाली पडल्यावरही क्लब जिवंत होता म्हणून संधी आली तेव्हा दार उघडायला कोणीतरी घरात होते.

हे आपोआप होत नाही. मिझोराममध्ये २०१२पासून राज्याची स्वतःची प्रीमियर लीग चालू आहे आणि तिथल्या स्थानिक केबल वाहिनीने तिला उचलून धरले. २०१४मध्ये मिझोरामने संतोष चषक, म्हणजे राज्यांच्या संघांची राष्ट्रीय स्पर्धा, जिंकला. म्हणजे ऐझॉल एफसीच्या खाली भरभक्कम जमीन होती. पहिल्या श्रेणीतून पडले तरी खेळायला लीग होती, बघायला माणसे होती.

खालिद सरांबरोबर (आमची मुले त्यांना सरच म्हणत) मुंबईचे दोघे तिकडे गेले होते, जयेश राणे आणि आशुतोष मेहता. दोघेही मुंबई एफसीत खेळलेले. त्यामुळे फळ्यावर विचित्र अवस्था झाली. मुंबई एकेक पायरी उतरत होती आणि ऐझॉल चढत होते. काही मुलांना वाटे की ऐझॉल म्हणजे फितुरी. काहींना वाटे, राणे आपलाच, मग ऐझॉलही आपलेच. मधल्या सुट्टीत यावरून कडाक्याची भांडणे झाली. सीरियाचा महमूद अल आमना आणि आयव्हरी कोस्टचा कामो बायी ही नावे लिहिताना कानामात्रा चुकायच्या, पण कोण कुठल्या जागेवर खेळतो ते तोंडपाठ होते.

शेवटून दुसऱ्या सामन्यात ऐझॉलने घरच्या मैदानावर मोहन बागानला १-० हरवले. झोहमिंगलियाना राल्ते या बचावपटूने सामना संपत आला असताना हेडरने गोल केला. आता शेवटच्या दिवशी शिलाँगमध्ये लाजाँगशी बरोबरी केली तरी पुरे होते. हरले असते आणि तिकडे बागान जिंकले असते, तर चषक कोलकात्याला गेला असता.

३० एप्रिल २०१७, रविवार. माझ्या दहा बाय बाराच्या खोलीत चार मुले टीव्हीसमोर बसली होती. मैदानात लाल रंगाचे ऐझॉलचे पाठीराखे, रात्रभर घाटरस्त्याने आलेले. नवव्या मिनिटाला लाजाँगच्या दिपांडा डिकाने गोल केला आणि आमच्या खोलीत कोणी बोलेना. मध्यंतर झाले तरी तेच. बागानच्या सामन्याकडे एका मुलाचे फोनवर लक्ष होते, त्याला मी ते बंद करायला सांगितले. ६७व्या मिनिटाला विल्यम लालनुनफेलाने चेंडू जाळ्यात टाकला. पुढची वीस-पंचवीस मिनिटे कशी गेली ते मला नीट आठवत नाही, एवढेच आठवते की शिट्टी झाली तेव्हा माझ्या हातातला चहा थंडगार होता आणि सगळ्यांत दांडगा मुलगा उशीत तोंड खुपसून रडत होता. १८ सामन्यांत ऐझॉल ३७ गुण, मोहन बागान ३६. ईशान्य भारतातला एखादा संघ देशाचा विजेता होण्याची ही पहिलीच वेळ.

दुसऱ्या दिवशी १ मे. महाराष्ट्र दिनाचे ध्वजवंदन झाले, खाऊ वाटला, आणि पांढऱ्या गणवेशातली मुले सांगितल्याशिवाय फळ्याकडे गेली. शेवटचा तक्ता लिहायचा होता. सर्वात वर ऐझॉल. सर्वात खाली मुंबई. खालचे नाव लिहायला कोणी खडू हातात घेईना, शेवटी मी लिहिले.

मुंबई खालच्या श्रेणीत गेली याचे मला दुःख झाले, पण तो खेळाचा भाग आहे. मुलांना मी तेच समजावले: ऐझॉल पण पडले होते ना, आता आपणही वर येऊ. त्यानंतर क्लबच बंद झाला. मी मुलांना खोटे सांगितल्यासारखे झाले, आणि ते आजही माझ्या मनातून जात नाही. आमचा एक डावखुरा मुलगा शहरातल्या एका क्लबच्या वयोगट संघात नुकताच निवडला गेला होता. त्याला पुढे काय करायचे हे सांगणारे पत्र नाही, फोन नाही. कागदपत्रांची फाइल घेऊन तो दोन वेळा जाऊन बंद दार पाहून आला. पुढे तो खेळलाच नाही.

आता लेखातल्या मुद्द्याकडे येते. हरल्यामुळे क्लब संपतात असे म्हणावे, तर महिंद्रा युनायटेड २००५-०६मध्ये राष्ट्रीय लीगचे (आय-लीगच्या आधीच्या अव्वल लीगचे) विजेते होते. तो १९६२पासूनचा संघ २०१०मध्ये बंद केला. पुणे एफसी २०१२-१३मध्ये उपविजेते ठरले, तेही राहिले नाहीत. भारत एफसी पुण्यात एकच हंगाम टिकले. डीएसके शिवाजियन्स मुंबई एफसीबरोबरच गेले, एफसी पुणे सिटी २०१९मध्ये. विजेता गेला, उपविजेता गेला, तळाचा गेला. यातला कोणताही निर्णय मैदानावर झाला नाही आणि कोणताही प्रेक्षकांना विचारून झाला नाही. मग दोष प्रेक्षकांच्या वेडाला कसा देता?

आज मुंबईकडे वरच्या श्रेणीत मुंबई सिटी आहे. दोनदा लीग ढाल (गुणतक्त्यात पहिला आल्याबद्दलची) आणि दोनदा चषक जिंकलेला संघ. डिसेंबर २०२५मध्ये त्यांचा बहुसंख्य हिस्सा असलेला परदेशी मालक बाहेर पडला. त्याच हंगामात इंडियन सुपर लीग, म्हणजे देशातली आताची अव्वल लीग, कित्येक महिने सुरूच होऊ शकली नव्हती. मला भीती वाटते ती याची. ऑगस्ट २०२५मध्ये खालिद जमील भारतीय संघाचे प्रशिक्षक झाले, तेव्हा सगळ्यांना अभिमान वाटला, मलाही वाटला. पण ज्या क्लबने त्यांना घडवले तो आज कुठे आहे, हे कोणी विचारले नाही.

माझे राज्याच्या आणि मुंबईच्या फुटबॉल संघटनेकडे एक मागणे आहे. क्लबला नोंदणी देताना अनामत रक्कम ठेवून घ्यावी. उद्या मालकांनी मोठा संघ बंद केला, तरी वयोगटातली मुले किमान दोन हंगाम त्या पैशांवर खेळू शकतील आणि त्यांची कागदपत्रे ज्याची त्याला हातात मिळतील. एवढे झाले असते तर तो डावखुरा मुलगा वाया गेला नसता.

आणि आपल्याकडे एक विनंती. परदेशी लीगचे गुणतक्ते आपण नियमाने छापता, ते मीही वाचते. त्यांच्याखाली आपल्या देशातल्या वरच्या दोन्ही लीगचे तक्ते दर सोमवारी छापावेत. माझ्यानंतर आलेल्या शिक्षिकेने तो फळा काढलेला नाही, पण मुलांना तक्ता फोनवर हुडकावा लागतो आणि शाळेत फोन आणायला बंदी आहे. शाळेत आपला अंक रोज येतो.

कळावे,
एक निवृत्त क्रीडाशिक्षिका
परळ, मुंबई