मुहूर्ताची घाई आणि पासिंग न झालेली गाडी

मा. संपादक,
स. न. वि. वि.

दसरा जवळ आला की सोलापुरातील शोरूममध्ये नव्या मोटारींच्या डिलिव्हरीसाठी गर्दी होऊ लागते. हार घातलेली गाडी आधी सिद्धेश्वराच्या देवळापाशी आणि मग अक्कलकोट किंवा तुळजापूरला न्यायची ही आपल्याकडची रीत आहे, आणि तिला कोणाची हरकत असण्याचे कारण नाही. हरकत आहे ती त्या गाडीवर क्रमांकाच्या जागी दिसणाऱ्या ‘अप्लाइड फॉर’ किंवा नुसत्या ‘ए/एफ’ या अक्षरांना, आणि ‘पासिंग व्हायचे आहे, महिनाभर असेच चालते’ असा जो दिलासा ग्राहकाला बिनदिक्कत दिला जातो, त्याला.

मोटार वाहन अधिनियम, १९८८ च्या कलम ३९ नुसार नोंदणी न झालेले आणि नोंदणी क्रमांक न लावलेले वाहन सार्वजनिक ठिकाणी चालवता येत नाही. नोंदणीसाठी अर्ज केला आहे, एवढ्याने नोंदणी झाली असे होत नाही, त्यामुळे ‘अप्लाइड फॉर’च्या पाटीला कायद्यात काहीही स्थान नाही. महिन्याची समजूत बहुधा जुन्या कलम ४३ मधून आली असावी. त्यात तात्पुरत्या नोंदणीची मुदत एक महिन्याची होती. परंतु ती सवलत रीतसर तात्पुरता क्रमांक घेतलेल्या गाडीला होती, कोऱ्या पाटीच्या गाडीला कधीच नव्हती. लोकांनी महिना तेवढा लक्षात ठेवला आणि कागद विसरले.

२०१९ च्या दुरुस्तीने तर ही पळवाट विक्रेत्याच्या दारातच बंद केली आहे. गाडीची नोंदणी विक्रेत्याच्याच राज्यात होणार असेल, तर अर्ज विक्रेत्यानेच करायचा आणि नोंदणी क्रमांकाची पाटी बसल्याशिवाय गाडी ग्राहकाच्या ताब्यात द्यायची नाही, असे कलम ४१ सांगते. १ एप्रिल २०१९ पासून नव्या गाड्यांच्या उच्च सुरक्षा पाट्या उत्पादकाने विक्रेत्यामार्फतच पुरवायच्या आहेत, म्हणजे त्यासाठी ग्राहकाला कोठे हेलपाटे घालण्याचेही कारण उरलेले नाही. तरीही मला शहरातील एका विक्रेत्याकडे ‘गाडी आज न्या, पाटी आली की फोन करू’ असेच ऐकावे लागले. कायद्याचा उल्लेख केल्यावर उत्तर मिळाले की इतर सगळे ग्राहक नेतात.

तात्पुरती नोंदणी आजही आहे, पण ती मुख्यतः दुसऱ्या राज्यात कायमची नोंदणी होणार असलेल्या गाड्यांसाठी आणि बॉडी बांधायची बाकी असलेल्या चासीसाठी. आपला जिल्हा सीमेवरचा असल्याने कलबुर्गी किंवा विजयपूरहून गाडी आणणाऱ्यांनी हे ध्यानात घेतले पाहिजे. तेथून तात्पुरता क्रमांक घ्यायचा, पिवळ्या पाटीवर लाल अक्षरांत तो लावायचा, आणि येथे येऊन महाराष्ट्राचा कर भरून एमएच १३ चा क्रमांक घ्यायचा, हा सरळ मार्ग आहे. २०२१ च्या नियमांनी या नोंदणीची मुदत सहा महिन्यांपर्यंत वाढवली आहे. मुदत मोठी झाली म्हणून काम लांबणीवर टाकावे, असा मात्र तिचा अर्थ कोणी घेऊ नये. लाल पाटीवर पांढऱ्या अक्षरांत असलेला क्रमांक विक्रेत्याच्या ट्रेड सर्टिफिकेटचा, म्हणजे नोंदणीआधी गाडी चालवण्यासाठी विक्रेत्याला मिळणाऱ्या परवान्याचा असतो. तो लावून ग्राहकाने स्वतःची गाडी घेऊन गावोगाव फिरणे नियमांत बसत नाही.

दंडाची भीती लोकांना फारशी वाटत नाही. कलम १९२ खाली पहिल्या गुन्ह्याला दोन ते पाच हजार रुपये दंड आहे, आणि दहा-बारा लाखांची गाडी घेणाऱ्याला तो जड नाही. खरा धोका विम्यात आहे. राजस्थानातील एका ग्राहकाची नवी बोलेरो २०११ मध्ये जोधपूर येथे अतिथिगृहाबाहेरून चोरीला गेली, तेव्हा तात्पुरत्या नोंदणीची मुदत संपून जेमतेम आठवडा उलटला होता. पॉलिसी चालू होती. तरीही नोंदणी नसलेली गाडी वापरणे हा विमा कराराच्या मूलभूत अटीचा भंग आहे, असे म्हणत सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२१ मध्ये विमा कंपनीच्या बाजूने निकाल दिला. अपघातात गाडीच्या झालेल्या नुकसानीबाबत २०१४ मध्येही न्यायालयाने हीच भूमिका घेतली होती. ‘विमा तर पहिल्या दिवसापासून आहे ना’ असे म्हणून निर्धास्त होणाऱ्या खरेदीदाराला ही गोष्ट कोणता विक्रेता सांगतो?

पसंतीच्या क्रमांकासाठी थांबणाऱ्यांची अडचण मी समजू शकतो, पण क्रमांक हवा असेल तर गाडी तोवर शोरूममध्येच ठेवावी लागेल. मुहूर्त पाळायचा असेल, तर पैसे आणि कागदपत्रे पुरेशी आधी देऊन नोंदणी उरकून घेणे ग्राहकाच्या हाती आहे. पूर्ण बांधणीच्या नव्या गाडीची नोंदणी विक्रेत्याकडूनच ऑनलाइन होत असल्याने हे अवघड राहिलेले नाही.

दसऱ्यापूर्वी आरटीओने शहर व जिल्ह्यातील विक्रेत्यांना कलम ४१ ची लेखी आठवण द्यावी आणि दसऱ्याच्या दिवशी तपासणी रस्त्यावर करण्याऐवजी शोरूमच्या फाटकापाशी करावी, अशी माझी विनंती आहे. नोंदणीचा अर्ज करण्यात कसूर करणाऱ्या विक्रेत्याला वार्षिक कराच्या पंधरा पट किंवा एकरकमी कराएवढा, यांपैकी जो अधिक असेल तो दंड करण्याची तरतूद कलम १९२ ब मध्ये आहेच. सणाच्या दिवशी कुटुंबासह निघालेल्या माणसाला नाक्यावर अडवण्यापेक्षा ती वापरलेली बरी.

आपला,
एक वाचक, जुळे सोलापूर