कुंभार्ली घाटाचा उतार गेला कुठे?

प्रति,
ग्राहक सेवा विभाग

विषय : ट्रक चालवण्याच्या व्हिडिओ खेळातील ‘कोकण व पश्चिम महाराष्ट्र’ या नव्या नकाशातील दोष आणि रक्कम परत मिळण्याबाबत.

महोदय,

आपल्या खेळासाठी निघालेला वरील नकाशा मी गेल्या महिन्यात ८९९ रुपये भरून विकत घेतला. जाहिरातीत ‘खरे रस्ते, खरे घाट’ असे म्हटले होते आणि माझ्या वडिलांनी १८ वर्षे कराड–चिपळूण रस्त्यावर साखरेची गाडी चालवलेली असल्यामुळे त्या चार शब्दांवरच मी भाळलो.

खेळात अंतर आखडते घ्यावे लागते आणि पाटणपासून कोयनानगरपर्यंतचे प्रत्येक वळण त्यात मावणार नाही, हे मला मान्य आहे; परंतु कुंभार्ली घाटाचा उतारच काढून टाकणे म्हणजे अंतर आखडणे नव्हे. हेळवाक मागे पडले की हा रस्ता सह्याद्रीच्या माथ्यावरून कोकणात उतरतो, आणि कोयनेचे पाणी एवढ्या उंचीवरून खाली सोडता येते म्हणूनच पायथ्याच्या पोफळीला वीजगृह उभे आहे. आपल्या नकाशात मात्र २० टन साखर भरलेली गाडी मी सर्वांत वरच्या गिअरमध्ये, इंजिन ब्रेकला हात न लावता खाली आणली, तरी वेग ताशी ५० किलोमीटरच्या पुढे गेला नाही. ज्या गिअरमध्ये घाट चढायचा त्याच गिअरमध्ये तो उतरायचा, हा ड्रायव्हर मंडळींचा पहिला धडा इथे लागूच होत नाही. वडिलांना मी हा भाग कौतुकाने दाखवायला बसवले, तर त्यांनी “हा कुठला रस्ता?” असे विचारले.

याहून त्रासदायक म्हणजे पोफळीच्या अलीकडच्या एका वळणावर रस्ता मोकळा दिसत असताना गाडी न दिसणाऱ्या भिंतीवर आदळते, नुकसान शंभर टक्के दाखवले जाते आणि गाडी ओढून थेट कराडच्या गॅरेजमध्ये नेली जाते. भाडे रद्द होते, दंडही बसतो. हे माझ्या बाबतीत तीन वेळा घडले. आपल्या विभागाला कळवले असता ‘खेळ पुन्हा इन्स्टॉल करावा’ एवढेच उत्तर आले. तेही करून पाहिले, भिंत जागच्या जागी आहे.

शिवाय लोट्याहून जवळच्या खेडला जाण्यासाठी ‘खेड’ निवडले, तर मार्गदर्शक गाडीला घाट चढवून पुणे जिल्ह्यातल्या खेडला, म्हणजे राजगुरुनगरला नेतो. फलकांवर ‘ळ’ कुठेच नसल्याने चिपळूणचे ‘चिपलूण’ झाले आहे. पोलादपूर तेवढे मुळातच ‘ल’ असल्यामुळे वाचले. वाशिष्ठी नदीवरचा पाऊस उत्तम जमला आहे, हे प्रामाणिकपणे नमूद करतो.

तरी घाटातील ती भिंत आणि उताराचा दोष १५ दिवसांत दुरुस्त करावा, अन्यथा पूर्ण रक्कम परत करावी. तसे न झाल्यास दिशाभूल करणाऱ्या जाहिरातीबद्दल ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ अन्वये मी रीतसर दाद मागेन. पावती आणि तिन्ही अपघातांच्या चित्रफिती सोबत जोडल्या आहेत.

आपला,
एक ग्राहक, कराड