बोलेक्स कॅमेरा घेऊन गावाकडे निघालेल्या मुलास

चि. निशांत,
अनेक आशीर्वाद.

ब्रिटिश फिल्मकार बेन रिव्हर्सच्या पद्धतीने करमाळ्याकडच्या ऊसपट्ट्यात फिल्म करायची म्हणतोस, तर त्याचं काम आधी बारकाईने बघ. २०११ ची 'टू इयर्स ॲट सी' स्कॉटलंडच्या रानात एकट्याने राहणाऱ्या जेक विल्यम्सवर आहे. १६ मिमी, कृष्णधवल, हाताने धुतलेली (डेव्हलप केलेली), संवाद जवळजवळ नाहीतच. पण ती चोरून टिपलेली दिनचर्या नव्हे. काही प्रसंग ठरवून रचलेत. त्यातली कॅरव्हॅन काही आपसूक झाडावर चढत नाही. तूही गावातल्या माणसांना सांगून, विचारून, त्यांच्यासोबत प्रसंग बसव.

मला खरी काळजी वेगळीच आहे. फिल्मवर ओरखडे आणि जाड दाणा आला की आजचं गाव पन्नास वर्षांपूर्वीचं दिसायला लागतं. जेक रानात एकटा. तुझ्या गावात रात्री थ्री फेज आली की माणसं डोक्याला बॅटरी बांधून पाणी धरायला निघतात. मोटारीचा ऑटो स्टार्टर, ठिबकच्या नळ्या, कारखान्याकडे निघालेल्या ट्रॉलीवरचा डीजे हे चौकटीबाहेर ढकलू नकोस. चित्रात बसलं नाही तर आवाजात घे. बोलेक्सची घरघर माइकला लागते, म्हणून कॅमेरा बंद ठेवून प्रत्येक जागेचा तीन मिनिटं आवाज वेगळा घे. माइकला केसाळ टोपी हवीच.

बोलेक्स चावीच्या स्प्रिंगवर चालतो. एका पूर्ण चावीत, सेकंदाला २४ फ्रेमने, साधारण २८ सेकंद मिळतात आणि १०० फुटांचं रीळ पावणेतीन मिनिटांत संपतं. म्हशीची धार पूर्ण मिळणार नाही. त्यातलं काय हवं ते आधी ठरव. तुझी डबल-एक्स फिल्म उन्हात २५० एएसए, म्हणजे प्रकाशाला बरीच संवेदनशील. दुपारी भिंगाचं छिद्र एफ/२२ इतकं बारीक करूनही पुरत नाही, तेव्हा प्रकाश कमी करणारा ०.९ चा एनडी फिल्टर लाव. फ्रिजमधली फिल्म दीड-दोन तास बाहेर ठेवूनच डबी उघड, नाहीतर दव धरतं. रीळ भरताना सावली बघ. तरी दोन्ही टोकांचे काही फूट जातातच, तिथे महत्त्वाचं काही घेऊ नकोस.

आता धुणं. बादलीत एका रिळाला चार लिटर डी-७६ डेव्हलपर (चित्र उमटवणारं द्रावण) धर. अंधार संपूर्ण हवा, लाल दिवाही चालत नाही. एप्रिलमध्ये टाकीचं पाणी तिशीच्या वर असतं, डेव्हलपर मात्र २० अंशांना हवा. गोठवलेल्या पाण्याच्या बंद बाटल्या त्यात बुडव. बर्फ थेट टाकलास तर द्रावण पातळ होईल. फिक्सर (चित्र पक्कं करणारं द्रावण) आणि धुण्याचं पाणीही त्याच तापमानाच्या जवळ ठेव, नाहीतर इमल्शनला, म्हणजे फिल्मवरच्या चित्राच्या थराला, सुरकुत्या पडतात. बादलीतला फिल्मचा गुंता सतत हलवत राहा. जिथे वेढे चिकटले तिथे डाग पडलाच. नखं काप, हातमोजे घाल. ओलं इमल्शन फार मऊ असतं. डेव्हलप न केलेला तुकडा फिक्सरमध्ये पारदर्शक व्हायला जितका वेळ लागेल, त्याच्या दुप्पट वेळ फिक्स कर. बोअरचं पाणी जड, वाळताना पांढरे ठिपके सोडतं. शेवटचं खळबळणं डिस्टिल्ड पाण्यात, पाणी थेंबांत न साचता निथळावं म्हणून वेटिंग एजंटचे थेंब घालून.

ओरखडे मुद्दाम पाडू नकोस. नीट धुऊनही जे उरतील, ते पुरेसे आहेत.

आधी दोन-दोन फुटांचे तुकडे वेगवेगळ्या वेळा धुऊन बघ आणि त्यांचे स्कॅन मला पाठव. डेव्हलपिंगची वेळ ठरल्यावरच गावातली रिळं बादलीत घाल.

तुझी,
आई