शेक्सपिअरचे ‘सतराशे’ शब्द

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत शेक्सपिअरच्या भाषेवर आलेला लेख आवडीने वाचला. त्याने इंग्रजीला १७०० नवे शब्द दिले, हे त्यातील विधान मात्र छापण्यापूर्वी तपासून घ्यायला हवे होते. (‘सतराशे साठ’ची सवय असलेल्या मराठी कानाला ही संख्या ‘पुष्कळ’ एवढ्याच अर्थाने ऐकू येते, हा भाग वेगळा.) एका लेखातून दुसऱ्या लेखात उतरत आलेल्या या संख्येचे मूळ शेक्सपिअरच्या प्रतिभेपेक्षा कोशकारांच्या कार्यपद्धतीत अधिक आहे.

ऑक्सफर्डचा बृहत्कोश १८८४ ते १९२८ या काळात भागाभागाने प्रसिद्ध झाला. प्रत्येक शब्दाचा सापडेल तेवढा जुना लिखित वापर नोंदवायचा, असे त्याचे धोरण होते आणि त्यासाठी असंख्य स्वयंसेवक वाचक चिठ्ठ्यांवर अवतरणे उतरवून पाठवत असत. शेक्सपिअरची नाटके घरोघरी होती, त्यांच्या शब्दसूच्याही तयार होत्या. त्याच काळातील प्रवचने, वैद्यकावरची पुस्तके किंवा सामान्य भाषांतरे तितक्या बारकाईने वाचली जाणे शक्यच नव्हते. परिणामी शेकडो शब्दांपुढे पहिला वापर म्हणून त्याचे नाव लागले, आणि ‘पहिली नोंद’ म्हणजे ‘निर्मिती’ असा समज पुढच्यांनी करून घेतला. जुनी छापील पुस्तके संगणकावर शोधता येऊ लागल्यापासून त्यांतील अनेक शब्द आधीच्या लेखकांकडे सापडत आहेत. त्याची शब्दसंपत्ती अफाट होती हा समजही अभ्यासक ह्यू क्रेग यांनी २०११ साली समकालीन नाटककारांशी तुलना करून तपासला, तेव्हा एकेका नाटकापुरते पाहता ती इतरांहून विशेष वेगळी दिसली नाही. शिवाय साधा व्यवहारी विचार केला, तरी ग्लोब नाट्यगृहात एक पेनी देऊन उभ्याने नाटक पाहणाऱ्या माणसाला वाक्यागणिक अनोळखी शब्द ऐकवून कोणता नाटककार पोट भरू शकला असता?

‘मॅकबेथ’मधील एक जागा मला या संदर्भात नेहमी आठवते. डंकन राजाचा खून करून आलेला मॅकबेथ रक्ताने माखलेल्या हातांकडे पाहून म्हणतो की, समुद्राच्या पाण्याने हे हात धुऊन निघण्याऐवजी हेच हात ‘मल्टिट्यूडिनस सीज’ना (अफाट सागरांना) ‘इनकार्नडीन’ (लालभडक) करतील. दोन्ही शब्द लॅटिन घराण्यातले, लांबलचक, लाटांसारखे उसळणारे. लगेच पुढे तो म्हणतो, ‘मेकिंग द ग्रीन वन रेड’, म्हणजे हिरव्याचे लाल करून. ‘मेकिंग’ सोडला तर सगळे शब्द एका झटक्यात उच्चारले जाणारे, आणि सगळेच अस्सल देशी, पोरालाही कळणारे. एकच गोष्ट दोनदा सांगितली आहे, एकदा पंडितांसाठी आणि एकदा पेनीवाल्यांसाठी. आणि ती दोनदा सांगितली आहे हे ऐकताना जाणवतही नाही.

शेक्सपिअरची खरी धाडसे शब्दांच्या जाती बदलण्यात दिसतात. आपणही हातापासून ‘हाताळणे’ आणि लाथेपासून ‘लाथाडणे’ करतो, परंतु त्यासाठी मराठीला प्रत्ययाची गरज लागते. इंग्रजीचे बहुतेक विभक्तिप्रत्यय तोवर झडून गेले होते, त्यामुळे नामाला थेट क्रियापदाच्या जागी बसवता येत होते आणि या मोकळिकीचा त्याने मनसोक्त उपयोग केला. ‘रिचर्ड दुसरा’मध्ये चिडलेला यॉर्क पुतण्याला सुनावतो, ‘अंकल मी नो अंकल’, म्हणजे मला काका-बिका म्हणू नकोस. मागे मागे शेपूट हलवणारी माणसे सोडून गेल्यावर ‘अँटनी अँड क्लिओपात्रा’मधील अँटनी त्यांच्यासाठी ‘स्पॅनिअल’ या कुत्र्याच्या जातीचेच क्रियापद करतो. आज इंग्रजीत कोणत्याही नामाचे सहज क्रियापद होते. त्याचे सगळे श्रेय शेक्सपिअरला देता येणार नाही, पण ही वाट किती दूर जाते हे त्याने दाखवले.

त्याचे वाक्प्रचार टिकले, तसे ते झिजलेही. ‘वन फेल स्वूप’ हे शब्द आज इंग्रजी बातम्यांत शंभर जणांची नोकरी एकदम गेली तरी वापरतात. मूळ जागी, ‘मॅकबेथ’मध्येच, मॅकडफ या सरदाराला बायकामुलांची कत्तल झाल्याचे कळते आणि तो विचारतो की, माझी सगळी पिल्ले आणि त्यांची आई एकाच क्रूर झडपेत गेली? तिथे घारीची झडप डोळ्यांना दिसते. बातमीत घारही नाही आणि पिल्लेही नाहीत.

लेखात ज्याचा उल्लेखच नाही आणि जे मराठी वाचकाला इंग्रज वाचकापेक्षाही लवकर कळेल, ते म्हणजे ‘दाऊ’ (तू) आणि ‘यू’ (तुम्ही) यांतील भेद. ‘हॅम्लेट’मध्ये राणी गर्ट्रूड मुलाला ‘दाऊ’ म्हणून म्हणते की, तू आपल्या वडिलांना (म्हणजे सावत्र वडिलांना) फार दुखावले आहेस. हॅम्लेट तेच वाक्य उलटवतो, पण ‘यू’ वापरून: माझ्या वडिलांना (म्हणजे मृत, सख्ख्या वडिलांना) तुम्ही फार दुखावले आहे. लगेच आईही ‘यू’वर येते आणि दोघांमधले अंतर त्या एका सर्वनामातून कळते. आजच्या इंग्रजीतून ‘दाऊ’ गेल्यामुळे तिकडच्या प्रेक्षकाला हा धक्का सहसा बसत नाही. मराठी अनुवादकाची अडचण निराळीच आहे, कारण आपल्या घरांत आईला ‘तू’च म्हणतात. आगरकरांनी १८८३ साली ‘विकारविलसित’ या नावाने हॅम्लेट मराठीत आणले, तेव्हापासून प्रत्येक अनुवादकाला या जागी थांबून विचार करावा लागला असणार.

शेवटी एक दुरुस्ती. लेखासोबतच्या चित्राखाली ज्युलिएटच्या तोंडी ‘रोमिओ, तू कुठे आहेस?’ असे वाक्य दिले आहे. मूळ ओळीतील ‘व्हेअरफोर’चा अर्थ ‘कुठे’ असा नसून ‘का’ असा आहे. वैऱ्याच्या घराण्याचे नाव लावणारा रोमिओच तू का असावास, असे ती विचारते आहे, आणि पुढची नावाबद्दलची सगळी वाक्ये त्या प्रश्नातूनच येतात. पुढील रविवारी एवढी दुरुस्ती छापावी, ही विनंती.

आपला,
एक निवृत्त इंग्रजी शिक्षक, सातारा