तहसील कचेरीसमोरच्या झेरॉक्सवाल्या काकांना

काका, नमस्कार.

हे पत्र तुमचा मुलगा तुम्हाला मोबाईलवरून वाचून दाखवेल, त्याला तसं सांगून ठेवलंय. समोर येऊनच बोलले असते पण तुमच्या दुकानात कायम आठ-दहा माणसं उभी असतात, आणि कुणी आभार मानायला लागलं की तुम्ही 'हां, पुढचं कोण' म्हणून मोकळे होता. म्हणून लिहिते. आणि उघड लिहिते, कारण तुम्ही जे मला सांगितलंत ते माझ्यासारख्या कितीतरी बायांना कुणी सांगितलेलंच नसतं.

आमचे हे गेले तेव्हा थोरली चौथीत होती, धाकटा अंगणवाडीत. टेम्पोवर ड्रायव्हर होते, पगार रोख हातात, ना फंड ना विमा. जमीन नाही. मी थोडं शिवण करते आणि हंगामात खुरपणीला जाते. भेटायला येणारा जो तो म्हणायचा, 'सरकारचं मिळतं की बायांना कायतरी, बघ जरा.' आता ते कायतरी म्हणजे काय, कुठल्या टेबलावर मिळतं, ते कुणालाच सांगता येत नव्हतं. त्यातच एक एजंट घरी आला, सगळ्या योजना एकदम करून देतो म्हणाला, रक्कम सांगितली ती ऐकून सासूबाईंनी बुगडी काढायची तयारी केली होती. त्याच्यासाठीच कागदांचे सेट काढायला मी तुमच्याकडे आले होते.

तुम्ही मशीनवर कागद ठेवता ठेवता वाचले. बाकीचे झेरॉक्सवाले वाचत नाहीत हो. तुम्ही वाचले आणि विचारलंत, 'हे कशासाठी?' मी म्हटलं सगळ्या योजनांसाठी. तुम्ही म्हणालात, 'सगळ्या योजना अशी काही योजना नसते. आधी बघ पैसा कुणाच्या नावाचा आहे.' आणि वाया गेलेल्या कागदाच्या पाठीमागे मधोमध रेघ मारलीत, एकीकडे लिहिलंत 'तुझं', दुसरीकडे 'पोरांचं'. तो कागद अजून पासबुकात घडी घालून ठेवलाय.

'तुझं'च्या खाली होतं संजय गांधी निराधार, महिना १५०० रुपये, तालुक्याला. 'पोरांचं'च्या खाली बालसंगोपन, एका पोरामागं महिना २२५०, जिल्ह्याला. खरं सांगते काका, बालसंगोपन हे नाव मी तोपर्यंत ऐकलंच नव्हतं. मला वाटायचं अनाथाश्रमातल्या पोरांसाठी काहीतरी असतं. आई असताना, पोरं घरात असताना, फक्त बाप नाही म्हणून पोरांच्या नावानं पैसे मिळतात हे आमच्या गावात एकाही घराला माहीत नव्हतं. तुम्ही सांगितलंत की आई किंवा बाप कुणी एक नसलं, किंवा टाकून गेलं, किंवा मोठ्या आजारानं अंथरुणाला खिळलं, जेलमध्ये असलं तरी पोरं बसतात यात, अठरा वर्षांची होईपर्यंत. हेही सांगितलंत की आधी ४२५ होते, मग ११०० झाले, २०२३ पासून २२५०, आणि आता सावित्रीबाई फुल्यांचं नाव आहे योजनेला. मी तिथंच बोटांवर हिशोब केला, दोघांचे साडेचार हजार आणि माझे दीड, सहा हजार. त्या वेळी माझ्या पिशवीत बसच्या तिकिटापुरते पैसे होते.

पण तुम्ही हिशोबावर खूश होऊ दिलं नाहीत, आधी कागद समोर पसरलेत. ह्यांच्या मृत्यूच्या दाखल्यावर एक नाव, आधारवर दुसरं, पोरांच्या शाळेच्या बोनाफाईडवर तिसरंच. झालं होतं असं की ह्यांना शहरातल्या दवाखान्यात नेलं ते सोबतच्या ड्रायव्हरनं, त्यानं ह्यांचं हाकेचं नाव सांगितलं, दवाखान्यानं तेच कळवलं आणि दाखल्यावर तेच उतरलं. दाखला मिळाला तेव्हा नाव बघायचं भान घरात कुणाला होतं! एजंट म्हणाला होता गॅझेट करावं लागेल, त्याचे वेगळे पैसे. तुम्ही नुसते हसलात. गॅझेट नाव बदलायला करतात, इथं नाव बदललेलं नाहीच, नोंद चुकलीये, आणि नोंद जिथं झाली तिथंच दुरुस्त होते. म्हणजे आमच्या ग्रामपंचायतीत नाही, तर ज्या शहरात मृत्यू झाला तिथल्या जन्म-मृत्यू नोंदणीच्या खिडकीवर. हे एक वाक्य मला कुणी सांगितलं नसतं तर मी ग्रामसेवकाच्या मागं फिरत बसले असते आणि त्याच्या हातात काही नव्हतंच. अर्ज तुम्ही साध्या कागदावर लिहून दिलात, सोबत आधार आणि दवाखान्याचं कार्ड लावायला सांगितलंत, आणि दुरुस्त दाखला मिळेल तेव्हा चार-पाच प्रती तिथूनच शिक्क्याच्या घेऊन ये म्हणालात. त्या प्रती आजपर्यंत पुरतायत.

स्टँपपेपरचंही तसंच. सगळीकडे पाचशेचा स्टँप आण, ॲफिडेव्हिट कर, असं चालतं. दाखल्यांसाठी सरकारी कचेरीत द्यायच्या प्रतिज्ञापत्राला मुद्रांक लागत नाही, साध्या कागदावरचं स्वयंघोषणापत्र चालतं, हे तुम्ही सांगितलंत, आणि वर तुमचा शेजारी स्टँप विकतो तरी सांगितलंत! तो तुमच्याकडे बघत होता ते मी बघितलं.

उत्पन्नाच्या दाखल्याबद्दल मात्र मला अजून राग आहे, तुमच्यावर नाही, त्या आकड्यावर. निराधारला वर्षाचं कुटुंबाचं उत्पन्न २१ हजाराच्या आत लागतं, नाहीतर दारिद्र्यरेषेच्या यादीत नाव. २१ हजार भागिले बारा, १७५० रुपये महिना. काका, एवढ्यात एक माणूस तरी जगतं का? रोजगार हमीला कुणी नेमानं गेलं तरी त्याच्या वर जाईल. आमच्याकडे जमीन नाही, पावसाळ्यात काम नाही, त्या वर्षी तर मी धाकट्याला सोडून कामाला जाऊच शकत नव्हते, म्हणून तलाठ्याच्या चौकशीत आम्ही आत बसलो. आमच्याच आळीतली एक बाई थोडक्यात बाहेर राहिली, तिची दोन पोरं काय जास्त जेवतात का? आणि आमचं रेशनकार्ड पिवळं आहे म्हणून मी समजत होते की आपण दारिद्र्यरेषेखाली आहोतच, ते वेगळं आणि ग्रामपंचायतीच्या यादीत नाव असणं वेगळं हेही तुमच्याच दुकानात कळलं. त्या यादीत नाव असतं तर कमावता माणूस गेल्यावर राष्ट्रीय कुटुंब लाभचे २० हजार एकरकमी मिळतात, ते आमचे त्यामुळंच राहिले. राहिले तर राहिले.

आता ज्याच्यासाठी खरं हे पत्र लिहायला घेतलं ते सांगते. तुम्ही एकदाही माझ्याबरोबर आत आला नाहीत. सुरुवातीला वाईट वाटायचं, ओळखीचा माणूस आहे, रस्ता ओलांडला की कचेरी, दोन शब्द टाकले असते तर काय बिघडलं असतं. पण तुम्ही म्हणायचात, 'मी आलो तर ते मला उत्तर देतील, तुला नाही.' आणि एक वाक्य पाठ करून घेतलंत. टेबलावरच्या माणसानं कागद परत सरकवला, काहीतरी कमी आहे म्हणाला, तर वाद घालायचा नाही, रडायचं नाही, फक्त म्हणायचं, 'साहेब, काय कमी आहे ते एवढं लिहून द्या.'

काका, पहिल्यांदा ते म्हटलं तेव्हा माझा आवाजच निघेना. समोरचे म्हणाले काय? मी परत म्हटलं. ते दोन मिनिटं कागद चाळत बसले, मग म्हणाले, ठेवा, बघतो. तुम्ही शिकवल्याप्रमाणं मी म्हटलं, पोच द्या. पोच मिळाली. तारीख, शिक्का, नंबर. मी ती घेऊन तुमच्याकडे धावत आले होते, आठवतंय? तुम्ही गिऱ्हाईक थांबवून ती पोच लॅमिनेट करायला निघाला होतात, मग स्वतःच म्हणालात नको, यावर पुढं शिक्का घ्यावा लागेल. उत्पन्नाच्या दाखल्याला पंधरा दिवसांची मुदत असते, २०१५ च्या लोकसेवा हक्क कायद्यात बसतो तो, आणि मुदत पोचपावतीच्या तारखेपासून मोजतात, पावती नाही तर मोजणार कशी, हे तुम्ही तेव्हा समजावलंत. अपिलात जायची वेळ माझ्यावर आली नाही. पण जाता येतं हे माहीत असलं की माणूस खिडकीपुढं जरा सरळ उभं राहतं.

जिल्ह्याला जाताना मी घाबरले होते. महिला व बालविकासच्या ऑफिसात अर्ज दिला, मग घरी एक मॅडम आल्या, घर बघितलं, शेजारी विचारलं, पोरांशी बोलल्या, घरासमोर आमचा तिघांचा फोटो लागतो तो बघितला. सासूबाईंना वाटलं पोरं न्यायला आल्यात, त्या दारातच आडव्या उभ्या राहिल्या! नंतर बाल कल्याण समितीपुढं पोरांना घेऊन जायचं होतं. तुम्ही आधीच सांगितलं होतंत की ते कोर्टासारखं असतं पण कोर्ट नाही, पोरांना पढवून नेऊ नको, जे आहे ते बोलू दे. थोरलीला त्यांनी विचारलं शाळेत काय आवडतं, तर म्हणाली गणित, आणि मग न विचारता सांगितलं की माझी आई रात्री शिवते तेव्हा दिवा माझ्या डोळ्यांवर येतो. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. पण समितीतल्या बाई तिच्याकडे बघून हसल्या आणि आदेश झाला.

तरी पैसे येईनात. तिथंही तुम्हीच. बँकेत विचारलं तर म्हणायचे आधार लिंक आहे. तुम्ही म्हणालात लिंक वेगळं आणि सीडिंग वेगळं, सरकारचा पैसा ज्या खात्याला आधार सीड केलंय तिकडंच जातो, एखादं जुनं विसरलेलं खातं असेल तर तिकडं जाऊन बसतो. माझं बचत गटाच्या वेळचं खातं निघालं दुसऱ्या बँकेत! ते मिटवलं तेव्हा माझे निराधारचे मार्गी लागले, पोरांचे नंतर आले, तेही काही महिन्यांचे एकदम. तुमची एक सूचना मी काटेकोर पाळते, की हा पैसा येईल तेव्हा येईल, त्याच्या भरवशावर दुकानात उधारी करायची नाही. किराणा माझ्या शिवणावर. पोरांचे पैसे पोरांच्याच कामाला, थोरलीचा चष्मा झाला, धाकट्याचे बूट झाले, थोडे खात्यात आहेत.

लाडकी बहीण आली तेव्हा सगळ्या गावानं फॉर्म भरला आणि मला वेड्यात काढलं, तू कशाला मागं राहतेस म्हणून. दुसऱ्या सरकारी योजनेतून दीड हजार मिळतात तिला त्यात बसता येत नाही, हे तुम्ही मला आधीच सांगितलं होतंत. नंतर छाननी सुरू झाली आणि ज्यांनी दोन्हीकडून घेतले होते त्यांच्या घरी काय चाललं होतं ते मी बघितलंय, मी शांत झोपत होते. आणि मुलींसाठीची लेक लाडकी योजना १ एप्रिल २०२३ पासून जन्मलेल्या मुलींना आहे, आमची थोरली त्याच्या कितीतरी आधीची, त्यामुळं तो विषयच नाही, तरी दर महिन्याला कुणीतरी येऊन मला तिचा एक लाख एक हजारचा हिशोब समजावतंच.

तुम्ही माझ्याकडून झेरॉक्सचे पैसे घेतलेत, बाकी कशाचे नाही. हे मी मुद्दाम लिहिते कारण एजंट अजून फिरतोय आणि गावात सांगतोय की तुमचं पण आतून कमिशन असतं. नाही. पानाला जो दर भिंतीवर लिहिलाय तोच, आणि मागून-पुढून काढली तर दोन पानांचे पैसे, तिथंसुद्धा सवलत दिली नाहीत!

पुढच्या महिन्यात बालसंगोपनचं नूतनीकरण आहे, नवीन बोनाफाईड शाळेतून घेतलंय, माझा हयातीचा दाखलाही झालाय, ते सेट काढायला येणारच आहे. त्याआधी एक काम सांगते. आमच्या भावकीतली एक पोरगी आहे, नवरा ऊसतोडीला परजिल्ह्यात गेला होता तिथंच वारला, पदरात तीन लेकरं. मृत्यूची नोंद तिकडच्या गावात झालीये की झालीच नाही हेसुद्धा तिला माहीत नाही. मी तिला रेघ मारलेला कागद दाखवला, ते वाक्य पाठ करून घेतलंय, लाजते पण म्हणते. मंगळवारी बाजाराच्या दिवशी तिला पाठवते. तिच्याकडे फक्त आधार आणि रेशनकार्ड असेल, नोंदीचं कुठून सुरू करायचं तेवढं बघा.

तुमची,
चष्मेवालीची आई